सुधारछावणी, किशोरकादंबरीतील

सुधारछावणी, किशोरकादंबरीतील : दोषी ठरविलेल्या अल्पवयीन मुलांना शिस्त व श्रम ह्यांच्या द्वारे सुधारण्याचा दावा करणाऱ्या कठोर संस्थेचे कादंबरीतील चित्रण. घर आणि शाळा ही किशोरसाहित्याची नित्याची स्थळे होत. तेथेही सत्ता प्रौढांचीच असते. मात्र तिच्यावर माया, नाते व लोकलज्जा ह्यांचा अंकुश असतो. छावणीत तो नसतो. त्यामुळे प्रौढांच्या न्यायबुद्धीची पारख करण्यास हे स्थळ विशेष अनुकूल ठरते.

ब्रिटिश लेखक ॲलन सिलिटो ह्याच्या द लोन्लिनेस ऑफ द लाँग-डिस्टन्स रनर (१९५९) ह्या दीर्घकथेत ‘बोर्स्टल’ म्हणजे बालगुन्हेगारांची सुधारशाळा येते. संस्थेच्या लौकिकासाठी धावविला जाणारा नायक अंतिम रेषेपूर्वी हेतुतः थांबतो. अमेरिकेत १८२५ मध्ये न्यूयॉर्क येथे बालगुन्हेगारांसाठी पहिले सुधारगृह उघडण्यात आले. १९९० नंतरच्या दशकात लष्करी धर्तीच्या शिस्तछावण्यांचा तेथे प्रसार झाला. लूइस सॅकर ह्याची होल्स (१९९८) ही कादंबरी ह्याच काळातील आहे. तिला १९९८ चे ‘नॅशनल बुक अवॉर्ड’ व १९९९ चे ‘न्यूबेरी पदक’ हे सन्मान लाभले.

ह्या कादंबरीतील ‘कॅम्प ग्रीन लेक’ ही छावणी टेक्सासमधील एका आटलेल्या सरोवराच्या तळावर आहे. तिच्या नावातील हिरवाई आणि पाणी ही दोन्ही तेथे नाहीत. बूट चोरल्याच्या खोट्या आळामुळे स्टॅन्ली येलनॅट्स येथे येतो. प्रत्येक मुलाने रोज ५ फूट (सु. १·५ मी.) खोल व तितक्याच रुंदीचा एक खड्डा खणावयाचा, हा येथील नियम. खणण्याने चारित्र्य घडते, असे मुलांना सांगितले जाते. प्रत्यक्षात छावणीची प्रमुख पुरलेल्या धनाचा शोध घेत असते. भोवती कुंपण नाही. शंभर मैलांच्या परिसरात अन्यत्र पाणीच नसल्याने त्याची गरजही नाही. सुधारणेची भाषा आणि फुकटच्या श्रमांचा लोभ ह्यांतील अंतर लेखक उपदेशावाचून केवळ ह्या स्थळरचनेतून दाखवितो.

छावणीची भूमी इतिहासही वाहते. सु. ११० वर्षांपूर्वी एका गौरवर्णीय शिक्षिकेवर प्रेम केल्याबद्दल सॅम ह्या कृष्णवर्णीय कांदेविक्याची येथे हत्या झाली. तेव्हापासून पाऊस पडलेला नाही. मुले जी जमीन उकरतात, ती ह्या जुन्या अन्यायाची होय. शिक्षा भोगणारी पिढी आणि अपराध करणारी पिढी भिन्न असल्याची जाणीव त्यामुळे वाचकास होते.

ह्या दृष्टीने ‘झीरो’ हे पात्र सर्वांत महत्त्वाचे. मुलांना खऱ्या नावांनी हाक मारण्याचा आग्रह धरणारा समुपदेशक ह्या एकाच मुलाला ‘शून्य’ ठरवितो. अक्षरे शिकविण्याच्या मोबदल्यात तो स्टॅन्लीच्या खड्ड्याचा काही भाग खणतो. छावणीत त्याला प्रथमच कोणीतरी शिकविण्यायोग्य मानते, तेही अधिकारी नव्हे, तर दुसरा कैदी. तो पळून जातो तेव्हा त्याची चौकशी करणारे कोणी नाही, म्हणून त्याच्या नोंदी नष्ट करण्यात येतात. पुढे ह्या नोंदींच्या अभावीच त्याला अडकवून ठेवणे अशक्य होते. ज्याची हानी कोणालाच जाणवणार नाही असे मूल संस्थेच्या हाती सर्वाधिक असुरक्षित असते, हा ह्या कथेचा गाभा होय.

कादंबरीची मर्यादाही येथेच दिसते. छावणीचे सारे पाप एका कुटुंबाच्या लोभावर टाकल्याने मुलांना तेथे धाडणारे न्यायालय बरेचसे सुटते. स्टॅन्लीची सुटकादेखील वडिलांच्या नव्या शोधाच्या एकस्वाचे काम पाहणाऱ्या वकील स्त्रीमुळे होते. खटल्याच्या वेळी घरात वकील नव्हता. हे सूचक सत्य लेखक फारसे उलगडीत नाही. अखेरीस पाऊस पडतो, धन सापडते आणि शाप संपतो.

वास्तवाचा शेवट असा नव्हता. फ्लॉरिडातील मरिॲना येथील मुलांची सुधारशाळा १९०० पासून २०११ पर्यंत चालली. ती बंद झाल्यावर तिच्या आवारात पुरातत्त्वज्ञांना ५५ कबरी आढळल्या. कोल्सन व्हाइटहेड ह्याच्या द निकेल बॉइज (२०१९) ह्या प्रौढांसाठी लिहिलेल्या कादंबरीस तिचा आधार आहे. येथे खणल्यावर धन नव्हे, अस्थी हाती लागतात. तरीही होल्स चे मूल्य त्यामुळे उणावत नाही. शिक्षेच्या नावाखाली कोणाचा लाभ साधला जातो, हा प्रश्न तिने कुमारवयीन वाचकाच्या हाती दिला. तिच्या सुखान्तात सामावू न शकणारा हा प्रश्न हेच किशोरसाहित्यातील सुधारछावणीचे खरे महत्त्व होय.