शेख महंमद आणि फादर स्टीफन्स : एका ओवीचे दोन शेजारी

मराठी वाङ्मयाच्या इतिहासात ‘मुसलमान संतकवी’ आणि ‘ख्रिस्ती वाङ्मय’ अशी दोन प्रकरणे अनेकदा वेगळी काढून ठेवलेली असतात. दोन्हींत कौतुक असते, पण त्या कौतुकाचा सूर ठरलेला. मुसलमान असूनही किती रसाळ मराठी लिहिली! परदेशी पाद्री असूनही ज्ञानेश्वरीची वाट कशी धरली! या ‘असूनही’ शब्दावर आमचा आक्षेप आहे. त्यात लेखकाला पाहुणा ठरवले जाते, आणि पाहुण्याचे कौतुक झाले तरी घर त्याचे होत नाही. दुसरा तोटा आणखी मोठा आहे. ही दोन प्रकरणे एकमेकांशेजारी ठेवून वाचण्याचे कुणाला सुचत नाही. मुसलमान आणि ख्रिस्ती यांनी सलोख्याने राहावे असे व्यासपीठावरून पुष्कळ सांगितले जाते. मराठीपुरते बोलायचे तर त्या शेजाराचा पुरावा चारशे वर्षांपासून पडून आहे.

फादर थॉमस स्टीफन्स हे इंग्लंडमध्ये १५४९ साली जन्मलेले जेझुइट धर्मगुरू. ते १५७९ मध्ये गोव्यात आले, आणि १६१६ साली राचोल येथे त्यांचे ‘ख्रिस्तपुराण’ रोमन लिपीत छापले गेले. ओव्या सुमारे अकरा हजार. श्रीगोंद्याचे शेख महंमद सूफींच्या कादरी परंपरेतले. त्यांचा ‘योगसंग्राम’ १६४५ साली पूर्ण झाला. एक पोर्तुगीज अमलाखालच्या साष्टीत, दुसरे घाटावरच्या नगर भागात. पण दोघांनी केलेले काम एकाच जातीचे आहे. ज्ञानेश्वर-एकनाथांनी घराघरांत पोचवलेली ओवी दोघांनीही आपल्या ईमानाची भाषा म्हणून स्वीकारली. स्टीफन्स जन्नतीला ‘वैकुंठ’ म्हणतात. शेख महंमद नफ्सशी चालणारी झुंज, म्हणजे आपले सूफी जिला जिहाद-ए-अकबर म्हणतात ती, योग्याच्या रणांगणाच्या रूपकात मांडतात. दोघांनाही आपले म्हणणे शेजाऱ्याला कळावे असे वाटत होते.

मुस्लिम वाचकाने ख्रिस्तपुराण उघडले तर काय होईल? आमचा अनुभव असा, की तो परका राहत नाही. ग्रंथाचे दोन भाग आहेत. ‘पहिले पुराण’ बायबलच्या जुन्या कराराच्या कथा सांगते. म्हणजे तिथे हजरत आदम, नूह, इब्राहीम, मूसा आणि दाऊद (अलैहिस्सलाम) भेटतात. उर्दू शाळेतल्या मुलाने ज्यांचे किस्से आजीच्या तोंडून ऐकलेले असतात, तीच माणसे इथे सतराव्या शतकातल्या मराठीत बोलतात. ‘दुसऱ्या पुराणा’त बीबी मरियम आणि हजरत ईसा येतात. कुरआनातली एकोणिसावी सूरह मरियमच्याच नावाची आहे, हे आपल्या वाचकाला सांगायला नको.

पण पुढे वाट फुटते. क्रूसावरचा मृत्यू आणि ‘देवाचा पुत्र’ या दोन गोष्टी ख्रिस्तपुराणाचा प्राण आहेत, आणि आपला अकीदा त्या मान्य करीत नाही. सलोख्याच्या सभांमध्ये हा फरक चटकन झाकला जातो. ‘सगळे धर्म एकच सांगतात’ असे म्हणून टाळ्या घेतल्या जातात. आमच्या मते हे ना ख्रिस्ती माणसाशी प्रामाणिक, ना आपल्याशी. इ. स. ६१५ च्या सुमारास मक्केतले छळलेले मुसलमान हबशाच्या ख्रिस्ती राजाच्या आश्रयाला गेले. त्या दरबारात हजरत जाफर यांनी सूरह मरियमच्या आयती ऐकवल्या आणि हजरत ईसांबद्दल आपण काय मानतो तेही लपवले नाही. तरीही नजाशीने आसरा काढून घेतला नाही. फरक सांगूनही शेजार टिकतो, याचा याहून जुना दाखला आपल्याजवळ नाही.

ख्रिस्तपुराणाचे कौतुक करताना त्याची पार्श्वभूमीही सांगितली पाहिजे. गोवा पोर्तुगीजांनी १५१० मध्ये आदिलशाहीकडून घेतला. १५६० मध्ये तिथे इन्क्विझिशन बसले, देवळे पाडली गेली, जुने ग्रंथ हिरावले गेले. या पुराणातच नवख्रिस्ती माणूस पाद्रींना म्हणतो, की आमची पुराणे गेली, आता वाचायला काही द्या. या मागणीत एक पोकळी आहे, आणि ती सत्तेने केलेली आहे. शेख महंमदांच्या ओवीमागे अशी सक्ती नाही. ती कुणाला धर्म बदलायला सांगत नाही, स्वतःच्या मनाला जिंकायला सांगते. हा भेद समीक्षकाने सोडता कामा नये. मात्र त्यासाठी स्टीफन्सच्या मराठीप्रेमाला खोटे ठरवण्याचे कारण नाही. पुढे १६८४ साली त्याच पोर्तुगीज सत्तेने गोव्यातल्या लोकांची बोलीच बंद करण्याचा हुकूम काढला. ज्या भाषेचे गुण स्टीफन्सने रत्ने, फुले आणि सुगंध यांच्या उपमांनी गायिले होते, ती भाषा त्यांच्याच लोकांच्या तोंडून काढून घ्यायचा तो प्रयत्न होता. सत्ता धर्माचे नाव घेते, पण माणसांची भाषा तिला खपत नाही, एवढे यातून कळते.

आमच्या निफाडचा या चर्चेशी एक धागा आहे. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे १८४२ साली इथे जन्मले. मराठ्यांच्या सत्तेच्या उदयावरील त्यांच्या १९०० सालच्या इंग्रजी ग्रंथात संतांवर एक प्रकरण आहे. त्यात ते महाराष्ट्राच्या संतचळवळीची तुलना युरोपातल्या ख्रिस्ती धर्मसुधारणेशी करतात, आणि त्याच संतांच्या ओळीत शेख महंमदांनाही बसवतात. शेख महंमदांचे अनुयायी रमजान आणि एकादशी दोन्ही पाळतात, अशी नोंदही ते करतात. ख्रिस्ती इतिहास आणि मुसलमान संत एकाच प्रकरणात आणणारा हा लेखक ‘असूनही’ म्हणत नाही. तौलनिक वाचन कसे करावे, याचा तो धडा आहे. रमजान आणि एकादशीचा तो मेळ आपल्यातल्या अनेकांना पटणार नाही. न पटो. पण तो याच मातीत घडला, हे नाकारता येत नाही.

१९९० साली पुण्याच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष डॉ. यू. म. पठाण होते. त्याच वर्षी सोलापुरात पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले. २०२० मध्ये उस्मानाबादच्या, म्हणजे आजच्या धाराशिवच्या, संमेलनाचे अध्यक्षपद वसईचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्याकडे आले, तेव्हा ते धर्मगुरू आहेत म्हणून काहींनी विरोध केला. ‘सुवार्ता’ मासिक वर्षानुवर्षे संपादणाऱ्या, ‘सुबोध बायबल’ लिहिणाऱ्या माणसाला आपल्याच भाषेत आपली ओळख पटवावी लागली. हे दुखणे आपल्याला अनोळखी नाही. फादर २०२४ मध्ये गेले. त्यांना श्रद्धांजली म्हणून त्यांचे लेखन आपल्या घरांत वाचले गेले तर ते भाषणापेक्षा मोलाचे ठरेल.

म्हणून आमची सूचना साधी आहे. ख्रिस्तपुराण आता देवनागरीत मिळते. शांताराम बंडेलू यांची आवृत्ती १९५६ साली निघाली आहे. आपल्या पुढच्या संमेलनात एक सत्र असे ठेवावे, की ज्यात ख्रिस्ती अभ्यासकाने योगसंग्राम वाचावा आणि मुस्लिम अभ्यासकाने पहिले पुराण. जिथे पटत नाही तिथे दोघांनीही तसे स्पष्ट म्हणावे. त्यानंतर चहा एकत्रच घ्यावा.