तिलिस्माचा नियम

लखनौच्या नवलकिशोर मुद्रणालयाने १८८३ पासून प्रसिद्ध केलेली ‘तिलिस्म-ए-होशरुबा’ ही उर्दू दास्तान निव्वळ अद्भुताचा पसारा म्हणून पुष्कळदा बाजूस सारली जाते. आम्हांस हे मान्य नाही. जादूने रचलेल्या या मायाराज्याचे दृश्य, गुप्त व अंधारमय असे तीन प्रांत आहेत. दिसते ते खरे की भास, हे तेथे बादशहा अफ्रासियाबच्या हाती. तथापि तिलिस्म बांधले जाते तेव्हाच ते मोडणारा वीर आणि मोडण्याची युक्ती सांगणारी ‘लौह’ ही पाटी नेमलेली असते. मायेलाही येथे मर्यादा आहे. महंमद हुसेन जाह यांच्या कथनाला भरकटण्यापासून तीच सावरते. शेवट ठरलेला असल्याने उत्कंठा उणावते, हा आक्षेप आम्ही नाकारीत नाही. परंतु दास्तान मुळात ऐकण्यासाठी होती. शेवट ठाऊक असलेला श्रोता ‘पुढे काय’ यापेक्षा ‘कसे’ यातच अधिक रमतो.