वर्गफलाचा आलेख आणि कोष्टकाची साक्ष

समीकरणाला आकृती देता येते, ही कल्पना देकार्तच्या १६३७ मधील भूमितिविषयक ग्रंथापासून गणितात रूढ झाली. शालेय गणितात मात्र ती एका ठरावीक कृतीच्या रूपाने येते. क्षला काही पूर्णांक किमती द्याव्यात, यच्या किमती कोष्टकात मांडाव्यात, बिंदू स्थापावेत आणि ते वक्राने जोडावेत. रेषीय समीकरणापुरती ही कृती निर्धोक आहे. कारण दोन बिंदूंनी सरळ रेषा निश्चित होते आणि तिसरा बिंदू पडताळ्याला पुरतो. वर्गफलाच्या बाबतीत कोष्टक नेमके काय सिद्ध करते आणि काय गृहीत धरते, याचा विचार पाठ्यपुस्तकांतून पुरेसा झालेला नाही.

या दृष्टीने दोन पुस्तके तपासण्याजोगी आहेत. गंगापूर तालुक्यातील मराठी शाळांत चालणाऱ्या राज्याच्या इयत्ता दहावीच्या २०१८ च्या पुस्तकात वर्गसमीकरण सोडवण्याच्या अवयव, पूर्ण वर्ग आणि सूत्र अशा तीन रीती आहेत. तिन्ही बैजिक आहेत; आलेखाची रीत दोन चलांतील रेषीय समीकरणांच्या प्रकरणात येते. राष्ट्रीय शैक्षणिक संशोधन व प्रशिक्षण परिषदेच्या दहावीच्या पुस्तकात याउलट वर्गबहुपदीचा आलेख दिलेला आहे. तेथील उदाहरण य = क्ष² − ३क्ष − ४ हे असून क्षच्या −२ पासून ५ पर्यंतच्या किमतींना यच्या किमती अनुक्रमे ६, ०, −४, −६, −६, −४, ०, ६ अशा येतात. वक्र क्ष-अक्षाला −१ व ४ येथे छेदतो. म्हणून त्या समीकरणाच्या मुळांचा भौमितिक अर्थ स्पष्ट होतो. तेवढ्यापुरते हे विवेचन यशस्वी आहे.

परंतु याच कोष्टकात एक महत्त्वाची उणीव आहे. क्ष १ असता व २ असता य ची किंमत −६ च येते. केवळ कोष्टकावर भिस्त ठेवणारा विद्यार्थी हे दोन बिंदू आडव्या रेषेने जोडील आणि वक्राला सपाट तळ देईल. वस्तुतः क्ष १.५ असता य −६.२५ होतो. वक्राचा शिरोबिंदू, म्हणजे आकृतीतील सर्वांत अर्थपूर्ण स्थान, आठ बिंदूंत नाहीच. वक्र गोलाईने काढला की तो −६ च्या खाली जाणारच. पण तो किती खाली जावा, हे कोष्टक सांगत नाही. ते काढणाऱ्याचा हात ठरवतो.

आक्षेप येथेच थांबत नाही. जी बहुपदी या आठही ठिकाणी शून्य होते, अशी आठ अवयवांची गुणाकाररूप बहुपदी मूळ फलात मिळवली, तर नवे फल त्याच आठ बिंदूंतून जाईल. मधल्या वाटा मात्र निराळ्या होतील. म्हणजे बिंदूंची संख्या कितीही वाढवली, तरी ‘हा अन्वस्तच आहे’ हे विधान बिंदूंतून निष्पन्न होत नाही. ते फलाच्या स्वरूपातून सिद्ध करावे लागते.

तथापि यावरून बिंदुस्थापनेची रीत त्याज्य ठरत नाही. कोष्टक वाचण्याची शिस्त लावली, तर तेच बरेच काही सांगते. लगतच्या किमतींतील फरक −६, −४, −२, ०, २, ४, ६ असे आहेत आणि या फरकांचे फरक सर्वत्र २ आहेत. पाऊल अर्ध्याचे केले, तर दुसरा फरक सर्वत्र ०.५ राहतो. समान पावलांवर स्थिर राहणारा दुसरा फरक ही वर्गफलाची खूण होय. शिवाय समान किमतींच्या जोड्या पाहाव्यात: १ व २, ० व ३, −१ व ४, −२ व ५. प्रत्येक जोडीचा मध्य १.५ च येतो. सममितीचा अक्ष कोष्टकातच लिहिलेला आहे. तो कोणी वाचत नाही, एवढेच.

याचे कारण शोधताना जुन्या बीजगणिताकडे वळणे उपयुक्त ठरते. गंगापूरच्या उत्तरेस डोंगररांग ओलांडली की चाळीसगावजवळ पाटण लागते. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याचा १२०७ चा शिलालेख तेथे आहे. ११५० च्या ‘बीजगणिता’त भास्कराचार्यांनी वर्गसमीकरणाच्या प्रकरणाला ‘मध्यमाहरण’ म्हटले आहे आणि श्रीधराचार्यांची रीत त्यांच्या नावाने दिली आहे. वर्गपदाच्या सहगुणकाच्या चौपटीने दोन्ही बाजू गुणाव्यात आणि मधल्या पदाच्या सहगुणकाचा वर्ग मिळवावा. प्रस्तुत उदाहरणात ४क्ष² − १२क्ष = १६ यात ९ मिळवले की (२क्ष − ३)² = २५ येते आणि मुळे ४ व −१ मिळतात. याच रूपात मांडल्यास ४य = (२क्ष − ३)² − २५ होते. वर्ग शून्याहून लहान होत नाही; म्हणून २क्ष = ३ येथेच य सर्वांत लहान होतो. आलेख या रीतीत नाही, पण आलेखाचा शिरोबिंदू तिच्या पोटात आहे. राज्याच्या पुस्तकात पूर्ण वर्गाची रीत आहे आणि आलेख नाही. परिषदेच्या पुस्तकातील विवेचनात आलेख आहे आणि त्याला पूर्ण वर्गाचा आधार दिलेला नाही. दोहोंतील अर्धे-अर्धे ज्ञान एकत्र आले, तरच विषय पूर्ण होतो.

हा केवळ पुस्तकी वाद नव्हे. नांदूर मधमेश्वरच्या कालव्याचे पाणी गंगापूर तालुक्यात येते. पाटाच्या कडेने आयताकृती तुकड्यास १०० मीटर तारेचे कुंपण तीन बाजूंनी घालावयाचे आहे, असे समजावे. पाटाशी काटकोनात असलेली बाजू क्ष मीटर धरली, तर क्षेत्रफळ क्ष(१०० − २क्ष) होते. दहा-दहा मीटरांच्या पावलाने कोष्टक ०, ८००, १२००, १२००, ८००, ० असे येते. ते पाहून २० व ३० ही दोन्ही मापे सारखीच उत्तम वाटतील. प्रत्यक्षात २५ मीटरांस क्षेत्रफळ १२५० चौरस मीटर भरते. पुस्तकातील सपाट तळाचाच दोष येथे सपाट माथ्याच्या रूपाने येतो, आणि पन्नास चौरस मीटर जमीन कुंपणाबाहेर राहते.

अशा स्थितीत परिषदेच्या पुस्तकातील एक तळटीप विशेष खटकते. वर्ग व घन बहुपदींचे आलेख विद्यार्थ्यांनी काढणे अपेक्षित नाही आणि त्यावर परीक्षणही करावयाचे नाही, असे तीत म्हटले आहे. परीक्षेचा भार हलका करण्याचा हेतू समजण्यासारखा आहे. परंतु तयार आलेख पाहणाऱ्याला दोन −६ च्या मध्ये काय घडते, हा प्रश्न पडतच नाही. तो प्रश्न पेन्सिल हाती असणाऱ्यालाच अडवतो. आलेख काढण्याचे खरे शिक्षण त्या अडण्यात आहे.

आलेखाचीही मर्यादा ओळखावी लागते. ‘बीजगणिता’तील वानरांच्या एका उदाहरणात कळपाच्या पाचव्या भागातून तीन वजा करून त्याचा वर्ग गुहेत गेला आणि एक वानर दिसत राहिला. समीकरणाची उत्तरे ५० व ५ येतात. आलेख दोन्ही छेदबिंदू सारख्याच निष्ठेने दाखवील. परंतु पाचांच्या पाचव्या भागातून तीन वजा होत नाहीत, म्हणून भास्कराचार्यांनी ५ हे उत्तर अग्राह्य ठरवले. कोष्टक बिंदू देते, वर्गपूर्ती शिरोबिंदू देते, आणि ग्राह्याग्राह्याचा निर्णय विवेक देतो. यांतील पहिल्या पायरीवरच विद्यार्थ्याला थांबवणारे अथवा ती पायरीच गाळणारे अध्यापन वर्गफलाला न्याय देत नाही.