महिन्याबाहेरचे दिवस : कल्पित बहुविश्वातील कालगणना

अद्भुतरम्य साहित्याच्या चर्चेत नकाशाला जेवढे महत्त्व मिळाले, तेवढे कालगणनेला मिळालेले नाही. कल्पित जगाचा नकाशा त्या जगाच्या वास्तवाभासाचा आधार मानला जातो. त्याचे पंचांग मात्र परिशिष्टातला हौशी तपशील ठरते. जे. आर. आर. टोल्कीन यांनी 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'च्या १९५५ साली निघालेल्या तिसऱ्या खंडात एक संपूर्ण परिशिष्ट कालगणनांना दिले. तेही बहुधा याच वृत्तीने वाचले जाते. प्रस्तुत लेखाचे म्हणणे असे, की कल्पित कालगणना ही सजावट नसून त्या जगातील माणसांच्या परस्परबांधिलकीची नोंद असते. आणि अनेक जगे शेजारी शेजारी मांडणाऱ्या 'बहुविश्वा'त या बांधिलकीचीच कसोटी लागते.

पॉल रिकर यांनी 'टाइम अँड नॅरेटिव्ह'च्या तिसऱ्या खंडात कॅलेंडरच्या काळाला विश्वाचा काळ आणि माणसाच्या अनुभवाचा काळ यांना सांधणारा तिसरा काळ म्हटले आहे. त्याची लक्षणे तीन : एक आरंभबिंदू, त्यापासून मागे आणि पुढे जाण्याची सोय, आणि मोजमापाची एकके. यांपैकी एकके सूर्यचंद्रांकडून घेता येतात. आरंभबिंदू मात्र आकाशात सापडत नाही. तो समाजाला आपल्या स्मृतीतून निवडावा लागतो. म्हणून कोणत्याही कालगणनेचा अर्थ लावताना दोन जागा पाहावयास हव्यात : ती कोठून सुरू होते, आणि तिचा हिशेब कोठे जुळत नाही.

'डन्जन्स अँड ड्रॅगन्स' हा भूमिकाखेळ १९७४ साली प्रसिद्ध झाला. त्याच्याभोवती पुढे ग्रंथांचा आणि कादंबऱ्यांचा मोठा पसारा उभा राहिला. त्यातील गॅरी गायगॅक्स यांचे 'ग्रेहॉक' (१९८०), एड ग्रीनवुड यांचे 'फरगॉटन रेल्म्स' (१९८७) आणि कीथ बेकर यांचे 'एबेरॉन' (२००४, नंतरच्या मांडणीत याच बहुविश्वात सामावलेले) ही तीन जगे येथे विचारात घेतली आहेत.

ग्रेहॉकच्या वर्षात २८ दिवसांचे १२ महिने आणि महिन्यांच्या बाहेर ७ दिवसांचे ४ उत्सव, असे एकूण ३६४ दिवस असतात. त्या जगाला दोन चंद्र आहेत. एकाचे आवर्तन २८ दिवसांचे, दुसऱ्याचे ९१ दिवसांचे. दोन्ही संख्यांनी ३६४ ला निःशेष भाग जातो. उत्सव महिन्याबाहेर असले, तरी ते पुऱ्या आठवड्याचे असल्यामुळे वाराची साखळी कोठेही तुटत नाही. गणित निर्दोष आहे, आणि हीच त्याची वाङ्मयीन उणीव होय. आपली चांद्र-सौर कालगणना न जुळणाऱ्या हिशेबातून घडली आहे. बारा चांद्रमासांचे सुमारे ३५४ दिवस सौरवर्षाला सुमारे ११ दिवसांनी कमी पडतात. ती तूट भरून काढण्यासाठी अधिक मास आला. पण तो केवळ गणिती दुरुस्ती म्हणून राहिला नाही. जावयाचे वाण, अनारसे, मंगलकार्यांचा निषेध, दानधर्म अशा आचारांनी लोकांनी ती रिकामी जागा भरली. जेथे आकाश माणसाचे ऐकत नाही, तेथे संस्कृती निर्माण होते. ग्रेहॉकचे आकाश मात्र सुताराने मापाने कापून दिल्यासारखे आहे.

फरगॉटन रेल्म्समधील 'हार्प्टोस'ची गणना या दृष्टीने अधिक समृद्ध आहे. तिच्यात ३० दिवसांचे १२ महिने असून प्रत्येक महिन्याचे १० दिवसांचे तीन भाग आहेत. उरलेले ५ दिवस कोणत्याच महिन्याचे नाहीत. ते महिन्यांच्या सांध्यांत बसवलेले आहेत. त्यांपैकी एक मृतांच्या स्मरणाचा आहे. दर चार वर्षांनी मध्यग्रीष्माच्या दिवसामागून 'शील्डमीट' हा जादा दिवस येतो. त्या दिवशी राजे आणि प्रजा मोकळेपणाने बोलतात, करारांचे नूतनीकरण होते. म्हणजे महिन्याच्या हिशेबात न मावणाऱ्या दिवसांवर पूर्वजांचे आणि शब्द दिलेल्यांचे ऋण सोपवलेले आहे. या जगातील सर्वांत रूढ वर्षगणनेचा आरंभ विजयातून वा राज्यारोहणातून झालेला नाही. एल्फ आणि मानव या दोन समाजांनी केलेल्या कराराची साक्ष म्हणून जी शिळा उभारली गेली, तिच्यापासून ही वर्षे मोजली जातात. शिवाय प्रत्येक वर्षाला भविष्यवेत्त्यांनी आधीच दिलेले नाव आहे. मराठी वाचकाला येथे संवत्सरांची आठवण होईल. पण आपली ६० नावे चक्राकार परत येतात, तर येथे नावांची यादी पुढेच जात राहते. पहिल्यात पुनरावृत्तीचा दिलासा आहे, दुसऱ्यात नियतीचा दाब.

आता ही जगे एकमेकांशेजारी ठेवू. १९८९ च्या 'स्पेलजॅमर'ने एका जगातून दुसऱ्यात जाणारी जहाजे कल्पिली. एबेरॉनचे वर्ष २८ दिवसांच्या १२ महिन्यांचे, म्हणजे ३३६ दिवसांचे. दिवसाची लांबी सारखी धरली, तर ग्रेहॉकची १२ वर्षे म्हणजे एबेरॉनची बरोबर १३ वर्षे. दोन्हीकडच्या दोन व्यक्तींनी 'बारा वर्षांनी भेटू' असे ठरवले, तर एक जण वर्षभर आधी येऊन थांबेल. एककांचे रूपांतर त्रैराशिकाने होते. आरंभबिंदूचे होत नाही. शिळेपासून मोजणाऱ्याला राज्यारोहणाच्या सनाचा आकडा समजेल, त्यामागचे ऋण समजणार नाही. प्रत्येक गणना आपापल्या जगापुरती रचलेली आहे; रिकर यांचा 'तिसरा काळ' जगाच्या सीमेवर येऊन थांबतो.

खेळाच्या साधनावर एवढा भार टाकावा काय, असा आक्षेप येथे संभवतो. पण हा प्रश्न खेळापुरता नाही, हे पुराणांवरून दिसते. भागवतातील राजा ककुद्मी कन्या रेवतीसाठी वर विचारावयास ब्रह्मलोकी जातो, गायन संपेपर्यंत क्षणभर थांबतो, आणि तेवढ्यात पृथ्वीवर २७ चतुर्युगे उलटतात. मनात योजलेले सर्व वर, त्यांचे पुत्रपौत्र, त्यांची गोत्रेही उरलेली नसतात. दोन लोकांच्या कालमानांतील तफावत हा येथे तपशील नाही. तीच कथा आहे. मात्र पुराणांतील लोक उतरंडीने रचलेले आहेत. मानवी वर्ष म्हणजे देवांचा एक दिवस, सहस्र चतुर्युगे म्हणजे ब्रह्मदेवाचा एक दिवस, अशी एकच मोजपट्टी वरपासून खालपर्यंत जाते. म्हणून ककुद्मीला त्याचे नुकसान सांगू शकणारा ब्रह्मदेव तेथे आहे. आधुनिक बहुविश्वात उतरंड नाही, शेजार आहे. आणि शेजाऱ्यांवर सामाईक घड्याळ लादणारा कोणी नाही.

कल्पित बहुविश्वाची कालगणना कितपत शास्त्रशुद्ध आहे, यावरून तिचे मूल्यमापन करू नये. दोन जगांतील माणसांना एकमेकांच्या मृतांची तिथी पाळता येईल काय, दिलेला शब्द कोणत्या वर्षाने मोजावा, हे प्रश्न ती उभे करते काय, हा खरा निकष होय. एकच घटना असंख्य जगांत असंख्य प्रकारे घडू शकते असे मानले, की कोणत्याही घटनेचे वजन कमी होण्याचा धोका असतो. त्याला रोखणारी गोष्ट म्हणजे तारीख : येथे, या दिवशी, हे घडले आणि ते परत फिरवता येणार नाही. हार्प्टोसच्या गणनेतील ते महिन्याबाहेरचे मोजके दिवस हे भान टिकवून धरतात. बहुविश्वाच्या लेखकांनी ते जगाच्या सीमेपलीकडे नेण्याचे काम अजून बाकी आहे.