दुर्गाबाई खोटे : अभिनयातील अधिकारवाणी

दुर्गाबाई खोटे (१९०५–१९९१) यांच्याविषयी मराठीत जे लिहिले गेले, त्याचा पुष्कळसा भाग एकाच वाक्याचा विस्तार आहे असे म्हणावे लागते. ते वाक्य म्हणजे, 'कुलीन घराण्यातील सुशिक्षित स्त्री चित्रपटात आली.' ही गोष्ट खोटी नाही. मुंबईच्या लाड घराण्यात त्यांचा जन्म झाला, वडील सॉलिसिटर होते, शिक्षण कॅथीड्रल शाळेत व सेंट झेवियर महाविद्यालयात झाले. सासरची सांपत्तिक स्थिती खालावल्यावर अर्थार्जनासाठी त्यांनी १९३१ साली 'फरेबी जाल' या चित्रपटात छोटी भूमिका स्वीकारली आणि त्याबद्दल समाजाची निंदाही सोसली. तथापि हा सामाजिक इतिहास झाला; अभिनयाची समीक्षा नव्हे. शिवाय या गौरवात एक अन्याय दडलेला आहे. कुलीनतेला कलागुण मानले, की कलावंतिणींच्या व तमाशाच्या परंपरेतून आलेल्या अभिनेत्रींचे मोल न तपासताच कमी ठरते. खुद्द दुर्गाबाईंनाही ते गैरसोयीचेच आहे, कारण त्यांनी भूमिकेत काय केले हा प्रश्न मग कोणी विचारीतच नाही.

तो प्रश्न विचारावयाचा तर 'अयोध्येचा राजा' (१९३२) पासून आरंभ करणे योग्य होय. प्रभात कंपनीचा हा बोलपट शांतारामबापूंनी दिग्दर्शित केला. हरिश्चंद्राच्या भूमिकेत गोविंदराव टेंबे होते व तारामतीच्या भूमिकेत दुर्गाबाई. याच कथेवरील फाळके यांच्या १९१३ च्या चित्रपटात तारामतीचे काम अण्णा साळुंके या पुरुषाने केले होते, हे येथे स्मरावे. अवघ्या एकोणीस वर्षांत तारामतीला स्त्रीचा देह आणि स्त्रीचा आवाज दोन्ही मिळाले. पण एवढेच सांगून भागत नाही. तारामतीची भूमिका परंपरेने करुणरसाची. राज्य जाते, दास्य येते, पुत्र मरतो. दुर्गाबाई हे सर्व दुःख भोगताना दीन होत नाहीत. मान ताठ राहते, शब्द अखेरपर्यंत स्पष्ट उमटतो, आणि बाजारात विकली जाणारी ही स्त्री राणीच आहे याचा प्रेक्षकाला क्षणभरही विसर पडत नाही. चित्रपटाची गती आज संथ वाटते, काही प्रवेश तर नाटकी मांडणीतून सुटलेलेच नाहीत. परंतु या भूमिकेला त्याची बाधा होत नाही.

या गुणाला मी अधिकारवाणी म्हणतो. 'अमरज्योती'त (१९३६) त्याला कथेचेच पाठबळ लाभले. कायदा आईला मुलावरचा हक्क नाकारतो, म्हणून सौदामिनी राज्याविरुद्ध उठते आणि सागरी चाचांची नायिका बनते. कथेत भडकपणा पुष्कळ आहे, हे मान्य केलेच पाहिजे. तरीही स्त्रीने पडद्यावर आज्ञा द्यावी आणि पुरुषांनी ती पाळावी, हे दृश्य त्या काळी विश्वसनीय करून दाखविणे सोपे नव्हते. दुर्गाबाई ते आरडाओरडा न करता साधतात. आवाज चढविण्याऐवजी त्या वाक्याचा शेवट तोलून धरतात.

रंगभूमीवर हाच गुण कसोटीला लागला. मराठी रंगभूमीवर स्त्रियांनी स्त्रीभूमिका करण्याच्या प्रथेला १९३३ च्या 'आंधळ्यांची शाळा'ने बळ दिले, तरी दीर्घकाळ स्त्रीपार्टी नटांचीच छाया तेथे रेंगाळत होती. स्त्रीचे स्त्रीत्व म्हणजे लालित्य, असा जो संकेत त्या नटांनी प्रस्थापित केला, तो मोडण्यास शोकान्त भूमिकाच हव्या होत्या. मुंबई मराठी साहित्य संघाने त्या पुरविल्या. १९५४ साली संघाने शिरवाडकरांचे 'राजमुकुट' हे 'मॅक्बेथ'चे रूपांतर रंगभूमीवर आणले. त्यात नानासाहेब फाटक यांच्यासमोर लेडी मॅक्बेथच्या जागी दुर्गाबाई उभ्या राहिल्या. संघाच्याच 'भाऊबंदकी'त त्यांनी आनंदीबाई साकारली. या दोन भूमिका एका अभिनेत्रीकडे याव्यात हे केवळ योगायोगाचे नाही. खाडिलकरांनी १९०९ साली रंगविलेल्या आनंदीबाईवर लेडी मॅक्बेथची छाया आहे, हे अभ्यासकांना परिचितच आहे. नारायणराव पेशव्यांचा १७७३ साली झालेला वध आणि 'ध'चा 'मा' झाल्याची आख्यायिका यांमुळे आनंदीबाई लोकमानसात निव्वळ खलनायिका होऊन बसली. अशा भूमिकेस सहानुभूती नव्हे, वजन लागते. पतीच्या दुबळेपणापुढे जिची इच्छाशक्ती अधिक खरी वाटेल अशी नटी लागते.

'राजमुकुट'चे दिग्दर्शक हर्बर्ट मार्शल हे इंग्रज असले तरी त्यांचे शिक्षण मॉस्कोत झाले होते. त्या नगरातील आला तारासोव्हा (१८९८–१९७३) या अभिनेत्रीची आठवण येथे अपरिहार्यपणे होते. तिनेही रंगमंच व चित्रपट दोन्ही गाजविले; १९३७ च्या 'आना कारेनिना'त ती आनाच्या भूमिकेत होती. पण तारासोव्हाच्या पाठीशी मॉस्को आर्ट थिएटर ही कायम संस्था होती. तेथे भूमिका वर्षानुवर्षे मुरत गेली. दुर्गाबाईंना असे घर लाभले नाही. संघाचे कार्य कितीही थोर असले तरी ते हौशी व उत्सवी स्वरूपाचे. पोट चित्रपटावरच अवलंबून. त्यांच्या रंगभूमीवरील कर्तृत्वाला १९५८ साली संगीत नाटक अकादमीचा सन्मान लाभला, तरी ते कर्तृत्व मुख्यतः गिरगावाच्या परिसरातील रसिकांपुरते राहिले. नगर–सोलापूर रस्त्यावरील मिरजगावसारख्या गावच्या प्रेक्षकाला आनंदीबाई दिसली नाही, आई दिसली.

आणि या आईविषयी निःसंदिग्धपणे बोलले पाहिजे. उत्तरकालीन हिंदी चित्रपटाने दुर्गाबाईंच्या अधिकाराचे वत्सलतेत रूपांतर केले. अनेक भूमिका एकाच साच्याच्या आहेत. त्यांत त्यांचाही हात सरावाने चालतो, असे नाइलाजाने नमूद करावे लागते. 'मुगल-ए-आझम'मधील (१९६०) जोधाबाई मात्र निराळी. अकबर व सलीम परस्परांविरुद्ध शस्त्र धरतात आणि या स्त्रीला दोन्हीकडून पराभवच येणार असतो. पृथ्वीराज कपूर यांच्या गडगडाटी वाणीसमोर दुर्गाबाई आवाजाची स्पर्धा करीत नाहीत. त्या थांबतात. राणीचा अधिकार पत्नीच्या कर्तव्याखाली दबतो तो त्या विरामांतच कळतो, आणि ज्यांनी सौदामिनी पाहिली आहे त्यांना हे मौन अधिकच बोचते. 'बॉबी'तील (१९७३) मिसेस ब्रॅगांझाची खेळकर वृद्धा साच्याबाहेरची आहे. तिच्याकडे समीक्षकांनी फारसे गांभीर्याने पाहिले नाही, हे मला अनाकलनीय वाटते. त्यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळाले ते मात्र पुढच्याच वर्षीच्या 'बिदाई'तील आईसाठी.

१९८२ साली 'मी, दुर्गा खोटे' हे आत्मचरित्र आले, १९८३ साली फाळके पुरस्कार मिळाला आणि १९८८ साली त्यांच्याच निर्मितिसंस्थेची 'वागळे की दुनिया' ही मालिका दूरदर्शनवर आली. १९३१ साली दहा मिनिटांच्या भूमिकेसाठी बोल ऐकलेल्या स्त्रीच्या नावाची संस्था आता स्वतः नटांना काम देत होती.