उपासनेचे संरक्षण : एका निकालाची समीक्षा

धर्मविधीसाठी पोलिसांचे संरक्षण मागावे काय, असा प्रश्न निघाला की आपल्यातील पुष्कळ भाविक संकोचतात. प्रार्थनेला दंडुक्याचा आधार कशाला, असे त्यांना वाटते. या संदर्भात युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने 21 जून 1988 रोजी ऑस्ट्रियातील एका प्रकरणी दिलेला निकाल मननीय आहे.

गर्भपातास विरोध करणाऱ्या डॉक्टरांच्या एका संघटनेने 28 डिसेंबर 1980 रोजी श्टाड्ल-पाउरा येथे मिस्सा व मिरवणूक योजिली होती. मिरवणुकीचा मार्ग आयोजकांनी ऐनवेळी बदलला. पोलीस मात्र जुन्या मार्गावर नेमलेले होते. विरोधकांनी आरडाओरडा करून व ध्वनिक्षेपक लावून जपमाळेच्या प्रार्थनेत व्यत्यय आणला, भाविकांवर अंडी व गवताची ढेकळे फेकली. प्रकरण हातघाईवर येण्याची चिन्हे दिसली तेव्हा पोलीस मध्ये उभे राहिले. पुढे 1 मे 1982 रोजी साल्झबर्गच्या कॅथेड्रलसमोर सुमारे शंभर पोलीस आले, आणि विधीत अडथळा येऊ नये म्हणून त्यांनी चौक रिकामा केला.

न्यायालयाने संघटनेचा दावा फेटाळला. परंतु तो फेटाळताना एक मौलिक तत्त्व मांडले. राज्याने स्वतः आड न येणे पुरेसे नाही. इतरांनी आड येऊ नये यासाठी वाजवी उपाय योजणे हेही त्याचे कर्तव्य होय. मात्र यशाची हमी राज्याकडून मागता येत नाही.

हे तत्त्व आम्हांस मान्य आहे. उणीव आहे ती मोजमापात. न्यायालयाने विचार केला तो शांततामय सभेच्या हक्काच्या अंगाने. सभेत कोणी गंभीर जखमी झाले नाही, एवढ्यावर समाधान मानता येईल. उपासनेचे तसे नाही. प्रार्थना ऐकूच येईनाशी झाली, तर अंगावर ओरखडा नसतानाही उपासना मोडलेलीच असते. आपला कायदा येथे अधिक जाणता आहे. धार्मिक जमावाच्या विधीत बुद्ध्या व्यत्यय आणणे हाच स्वतंत्र गुन्हा आहे. पूर्वी दंड संहितेचे कलम 296, आता न्याय संहितेचे कलम 300. मद्रास उच्च न्यायालयाने तर 1883 मध्येच, सुंदरम चेट्टी प्रकरणी, दंडाधिकाऱ्याने आपला अधिकार हक्क स्थगित करण्याऐवजी हक्कांच्या रक्षणार्थ वापरावा, असे म्हटले होते. दंगेखोराच्या भीतीने उपासकालाच घरी बसविणे म्हणजे अपराध एकाचा व शिक्षा दुसऱ्याला.

संकोचणाऱ्या भाविकांनी प्रेषितांची कृत्ये, अध्याय 23 उघडावा. पौलाच्या जिवावर कट शिजला, तेव्हा त्याने आपल्या भाच्याला रोमी सरदाराकडे पाठविले. सरदाराने 200 शिपाई, 70 स्वार व 200 भालेकरी देऊन त्याला रातोरात बाहेर काढले. पौलाने हे संरक्षण नाकारले नाही, आणि त्यामुळे त्याचा विश्वासही उणावला नाही.

मात्र ज्या संरक्षणावर आपण हक्क सांगतो, तेच शेजाऱ्याच्या गणपतीला व मोहरमच्या ताबुतालाही मिळावे, असे आपण तितक्याच आग्रहाने म्हणतो काय? तसे म्हणत नसू, तर आपण न्याय मागत नाही; सवलत मागतो.