जाहीरनामा आणि डफ

तरक्कीपसंद चळवळीची चर्चा आपल्याकडे बहुधा उर्दू शायरीपुरतीच होते. वास्तविक ही चळवळ जन्मापासून आंतरराष्ट्रीय होती. १९३५ साली लंडनमध्ये सज्जाद जहीर, मुल्कराज आनंद आदी तरुणांनी तिचा जाहीरनामा तयार केला. त्याच वर्षी पॅरिसमध्ये फॅसिझमविरोधात देशोदेशीचे लेखक जमले होते. १९३६ साली लखनौला मुन्शी प्रेमचंदांच्या अध्यक्षतेखाली अंजुमनचे अधिवेशन झाले आणि १९४३ साली मुंबईत ‘इप्टा’ स्थापन झाली. अली सरदार जाफरी, कैफी आझमी यांची कर्मभूमीही मुंबईच.

याच मुंबईत १९४४ साली अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकर यांनी लाल बावटा कलापथक काढले. अमर शेख म्हणजे बार्शीचे मेहबूब पटेल. विचार तोच, साधन निराळे. नज्मच्या जागी पोवाडा आला आणि मुशायऱ्याच्या जागी कामगारवस्तीतला चौक. आमच्या मते, अंजुमनचा जाहीरनामा मराठी कष्टकऱ्यांपर्यंत पोहोचला तो या डफावर.

जुन्नर-आंबेगावच्या वाचकाला हे वेगळे समजावून सांगायला नको. शिवनेरीच्या परिसरात पोवाडा आणि नारायणगावात तमाशा आपण लहानपणापासून ऐकत आलो. पोवाडा एका वीराचा पराक्रम गातो. अण्णाभाऊंनी ‘स्टालिनग्राडचा पोवाडा’ रचला तेव्हा ढंग तोच ठेवून रशियातल्या एका झुंजणाऱ्या शहराला गाण्याचा विषय केले. तमाशाच्या गणात त्यांनी गणपतीऐवजी मायभूमीला वंदन केले. त्यामुळे हा रंगमंच सर्वांचा झाला. अमर शेख त्यावर पाहुणे म्हणून उभे नव्हते. पुढे संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात त्यांच्याच पहाडी आवाजाने सभा गाजल्या.

उणिवाही सांगितल्या पाहिजेत. पक्षनिष्ठेमुळे पुष्कळदा कवितेची घोषणा झाली. हा दोष उर्दूतही आहे आणि मराठीतही. स्टालिनच्या जुलमांची कबुली ख्रुश्चेव्ह यांनी १९५६ साली दिली. १९६१ साली अण्णाभाऊ रशियाला गेले, तरी त्यांच्या प्रवासवर्णनात कौतुकच अधिक आहे. जुलमाविरुद्ध लिहिणाऱ्याने आपल्या बाजूच्या जुलमाकडेही पाहिले पाहिजे, ही कसोटी आज आपल्यालाही लागू आहे.

आम्ही उर्दू माध्यमात शिकवतो. आमच्या मुलांना कैफी ठाऊक असतात. मराठी शाळेतल्या मुलांना अण्णाभाऊ. अमर शेख मात्र दोन्ही वर्गांच्या मधल्या व्हरांड्यातच राहून जातात. उर्दूवाल्यांना ते मराठीचे वाटतात आणि मराठीवाल्यांना केवळ गळा असलेले शाहीर. त्यांचे ‘कलश’ आणि ‘धरतीमाता’ हे संग्रह सरदार जाफरींच्या शेजारी ठेवून वाचले, तर मुस्लिम मराठी लेखकाला आपला वारसा दुसरीकडे शोधत फिरावे लागणार नाही. ते काम आपणच, दोन्ही भाषा जाणणाऱ्यांनी, हाती घ्यायला हवे.